बगलेवरची धाव : कोल्हापूर, ब्लॅकबर्न आणि नाशिक

इंग्लंडमधला ब्लॅकबर्न रोव्हर्स हा १८७५ साली स्थापन झालेला फुटबॉल क्लब नोव्हेंबर २०१० पासून पुण्याच्या ‘वेंकीज’च्या मालकीचा आहे. १९९५ साली प्रीमियर लीग जिंकणारा हा क्लब २०१२ मध्ये दुसऱ्या श्रेणीत घसरला, २०१७ मध्ये तिसऱ्या श्रेणीत गेला आणि वर्षभरात पुन्हा वर आला. कोल्हापूरच्या अनिकेत जाधवला याच क्लबकडे काही काळ सराव करायला मिळाला. आज नाशिकच्या मैदानांचा विचार करताना त्याचा प्रवास नीट समजून घ्यायला हवा.

अनिकेत विंगर, म्हणजे बगलेवरचा खेळाडू. टचलाइनला धरून धावायचे, समोरच्या बचावपटूला चकवायचे, गोलसमोर क्रॉस टाकायचा आणि चेंडू हातचा गेला की तितक्याच वेगाने मागे यायचे. या जागेवर सगळी भिस्त वेगावर असते आणि मांडीचा स्नायू दुखावला की पहिला फटका वेगालाच बसतो. त्यामुळे विंगरची उमेदीची वर्षे मोजकीच. त्या वर्षांत त्याला किती सामने मिळतात, यावर त्याची कारकीर्द ठरते.

इंग्लंडची खरी ताकद इथे दिसते. प्रीमियर लीगच्या खाली तीन श्रेणींत प्रत्येकी २४, असे ७२ क्लब आहेत. प्रत्येक क्लब साखळीतच ४६ सामने खेळतो, चषक स्पर्धा वेगळ्या. चौथ्या श्रेणीतल्या विंगरचे नाव आपल्या कानावर कधी येणार नाही. पण त्याला पगार मिळतो, गावाचा पाठिंबा मिळतो आणि शनिवार आला की सामना असतो. चुका करायला आणि त्या सुधारायला त्याच्या हाती वेळ असतो.

अनिकेतचा जन्म २००० सालचा, वडील रिक्षाचालक. कोल्हापुरात फुटबॉल पेठांमध्ये आणि तालमींमध्ये रुजला आहे. पाटाकडील, दिलबहार, खंडोबा या तालमींचे संघ शाहू स्टेडियमवर उतरले की अख्खे शहर दोन बाजूंत वाटले जाते. या वातावरणातून अनिकेत राज्य सरकारच्या पुण्यातील क्रीडा प्रबोधिनीत आणि पुढे पुणे एफसीच्या अकादमीत गेला. २०१७ च्या १७ वर्षांखालील विश्वचषकात तो भारताकडून खेळला. भारताने अमेरिका, कोलंबिया आणि घाना यांच्याविरुद्धचे तिन्ही सामने गमावले. मात्र याच मुलांचा ‘इंडियन अ‍ॅरोज’ संघ त्यानंतर आय-लीगमध्ये उतरला आणि चेन्नई सिटीविरुद्धचा पहिलाच सामना ३-० असा जिंकला. त्यातले दोन गोल अनिकेतचे होते.

पुढे तो जमशेदपूरकडून खेळला. २०२२ मध्ये आयएसएल जिंकणाऱ्या हैदराबादच्या संघातही तो होता. पण आकडे पाहा : २०१७-१८ च्या आय-लीगमध्ये एका संघाच्या वाट्याला १८ साखळी सामने आले, तर २०२१-२२ च्या आयएसएलमध्ये २०. इंग्लंडच्या चौथ्या श्रेणीतला खेळाडू एका हंगामात जेवढे साखळी सामने खेळू शकतो, तेवढ्यांसाठी आपल्या अव्वल विंगरला दोन हंगामांहून अधिक काळ लागतो. दोघांमधली दरी गुणवत्तेची असेल, पण ती रुंदावली आहे सामन्यांच्या दुष्काळाने.

आता नाशिककडे वळू. पायांत दम असलेल्या मुलांची या जिल्ह्यात वाण नाही. त्र्यंबकेश्वर तालुक्यातील सावरपाड्याच्या कविता राऊतने २०१० च्या दिल्ली राष्ट्रकुल स्पर्धेत १० हजार मीटर शर्यतीत कांस्यपदक मिळवले. चांदवड तालुक्यातील तळेगाव रोहीचा दत्तू भोकनळ २०१६ च्या रिओ ऑलिंपिकमध्ये रोइंगमध्ये उतरला. कविताला विजेंदर सिंग यांच्यासारखा प्रशिक्षक भेटला, दत्तूला सैन्यदलाने घडवले. अंगातल्या दमाला योग्य हात लागला, की नाशिकचा खेळाडू जगाच्या मैदानावर पोहोचतो, हे या दोघांनी दाखवून दिले आहे.

फुटबॉलसाठी असा हात म्हणजे वर्षभर चालणारी साखळी स्पर्धा. दोन दिवसांत उरकलेल्या बाद फेरीच्या स्पर्धेत निम्म्या संघांतली मुले एकाच सामन्यानंतर घरी जातात. त्यातून विंगर घडत नाही. महापालिका, शाळा आणि क्लब यांनी एकत्र येऊन १३ आणि १५ वर्षांखालील मुलांसाठी दर आठवड्याला सामना होईल अशी साखळी सुरू करावी आणि तिच्यात पेठ, सुरगाणा, त्र्यंबकेश्वरच्या आश्रमशाळांना जागा द्यावी. उत्तम विंगरला लागणारा वेग आणि दम तिथल्या मुलांकडे आहे. त्यांना सामने मिळवून देणे ही आपली जबाबदारी आहे.