कर्ज पंचवीस लाखांचं, फेड बावन्न लाखांची



२०२३ च्या दिवाळी सुट्टीआधीची गोष्ट. आठवीच्या वर्गावर चक्रवाढव्याजाचा तास घेऊन मी स्टाफरूममध्ये आलो, तर एक सहकारी शिक्षक कर्जखात्याचा उतारा घेऊन बसले होते. कवठे महांकाळमध्ये त्यांनी २०२१ साली घर बांधलं. वय तेव्हा सदतीस, कर्ज वीस वर्षांचं. अठ्ठावन्नाव्या वर्षी निवृत्ती, म्हणजे त्याच्या आत सगळं फिटणार, असा सरळ हिशेब. पण उताऱ्यावर शिल्लक मुदत दिसत होती ती कर्ज घेतलं तेव्हापेक्षाही जास्त.

"सर, एक हप्ता चुकवला नाही मी. मग मुदत वाढली कशी?"

त्या दिवशी मधली सुट्टी फळ्यावर आकडेमोड करण्यातच गेली. तोच हिशेब इथे मांडतो. आकडे समजायला सोपे जावेत म्हणून माझे घेतले आहेत, त्यांच्या खात्याचे नाहीत.

हप्त्याच्या पोटात काय असतं?

समजा, २५ लाखांचं कर्ज, व्याजदर ८.५ टक्के, मुदत २० वर्षं. मासिक हप्ता येतो २१,६९६ रुपये. २४० हप्ते भरल्यावर आपण एकूण भरलेले असतात सुमारे ५२ लाख ७ हजार. म्हणजे २५ लाख मुद्दल आणि २७ लाख ७ हजार व्याज. कर्ज घेताना आपण विचारतो, "हप्ता किती बसेल?" एकूण फेड किती, हे फारसं कुणी विचारत नाही.

आता पहिला महिना बघू. व्याज काढायचं साधं सूत्र आहे : शिल्लक रक्कम गुणिले दर, भागिले १२००. २५,००,००० × ८.५ ÷ १२०० = १७,७०८. हप्ता २१,६९६ चा, त्यातले १७,७०८ व्याजात गेले. मुद्दलातून वजा झाले फक्त ३,९८८. दुसऱ्या महिन्यात शिल्लक २४,९६,०१२. त्यावर व्याज १७,६८०, मुद्दलात ४,०१६. असं मुंगीच्या पावलानं मुद्दल उतरतं.

पहिल्या वर्षात आपण २ लाख ६० हजार भरतो, कर्ज कमी होतं जेमतेम ५० हजारांनी. पाच वर्षांत १३ लाख भरतो, कर्ज उतरतं ३ लाखांच्याही आत. २२ लाखांवर अजून बाकीच! हप्त्यातला मुद्दलाचा भाग व्याजापेक्षा मोठा व्हायला जवळपास बारा वर्षं लागतात, आणि निम्मं कर्ज फिटायला तेरा वर्षं दहा महिने.

इथे एक गैरसमज दूर करायला हवा. बरेच जण म्हणतात, "बँक चक्रवाढ लावते म्हणून एवढं होतं." तसं नाही. हप्ता वेळेवर जात असेल तर त्या महिन्याचं व्याज त्या महिन्यातच चुकतं होतं, ते मुद्दलात मिसळत नाही. आकारणी फक्त शिल्लक रकमेवर होते. फेड एवढी फुगते, कारण मोठी रक्कम फार काळ शिल्लक राहते. व्याज मुद्दलात मिसळतं ते हप्ता थांबला की. कोरोनाच्या काळात मार्च ते ऑगस्ट २०२० अशी सहा महिने हप्त्यांना सवलत मिळाली होती, आठवतं का? तेव्हा हप्ते थांबले होते, व्याज थांबलं नव्हतं.

वर्षं वाढली की काय होतं?

तेच २५ लाख, तोच ८.५ टक्के दर. मुदत १५ वर्षं केली तर हप्ता २४,६१९ आणि एकूण व्याज १९ लाख ३१ हजार. वीस वर्षांच्या तुलनेत महिन्याला २,९२३ रुपये जास्त, पण व्याज पावणेआठ लाखांनी कमी. उलट मुदत ३० वर्षं केली तर हप्ता १९,२२३, आणि व्याज ४४ लाख २० हजार. महिन्याला अडीच हजाराची सवलत, तिची किंमत सतरा लाख! दर एक पैशानंही बदललेला नाही, बदलली ती फक्त वर्षं. आपण पाव टक्क्यासाठी चार बँकांच्या पायऱ्या झिजवतो आणि मुदतीच्या रकान्यात मात्र साहेब म्हणतील तो आकडा लिहून येतो.

अर्थात, वीस वर्षांनंतरचे २१,६९६ रुपये म्हणजे आजचे २१,६९६ नव्हेत. पगार वाढतो, महागाई भत्ता वाढतो, तोच हप्ता पुढे हलका वाटायला लागतो. म्हणून सुरुवातीला ओढाताण करून हप्ता बसवण्यापेक्षा थोडी लांब मुदत घेणं काही चूक नाही. पुढे पगार वाढूनही हप्ता तसाच ठेवायचा, ही चूक. शेतकरी कुटुंबाला तर हे जास्तच लागू. द्राक्षाचं एखादं वर्ष कसं जातं ते आपल्या तालुक्याला सांगायला नको. तिथे हप्ता कमीच असलेला बरा, आणि चांगल्या वर्षी जास्तीचे पैसे भरावेत.

मुदत वाढली कशी?

आता सहकाऱ्याच्या प्रश्नाकडे येऊ. बहुतेक गृहकर्जं बदलत्या दराची, म्हणजे फ्लोटिंग असतात. १ ऑक्टोबर २०१९ पासून व्यापारी बँकांना नव्या फ्लोटिंग गृहकर्जाचा दर एखाद्या बाहेरच्या मापाला जोडावा लागतो. बहुतेकांनी तो रिझर्व्ह बँकेच्या रेपो दराला जोडला. (गृहवित्त कंपन्या आणि सहकारी बँकांना हा नियम लागू नाही, त्यांचा दर त्या स्वतः ठरवतात. तिथे कर्ज असेल तर दर कशावरून ठरतो हे मुद्दाम विचारावं.)

२०२१ मध्ये रेपो दर ४ टक्के होता. गृहकर्ज पावणेसात टक्क्यांच्या आसपास मिळत होतं. स्वस्ताई बघून कितीतरी जणांनी घरं घेतली. मग मे २०२२ मध्ये रेपो ४.४० झाला आणि वाढत वाढत फेब्रुवारी २०२३ मध्ये ६.५० वर पोचला. म्हणजे नऊ-दहा महिन्यांत अडीच टक्के.

६.७५ टक्क्यांनी २५ लाख, २० वर्षं, हप्ता १९,००९ रुपये. एका वर्षानंतर शिल्लक सुमारे २४ लाख ३९ हजार. आता दर एकदम ९.२५ झाला असं धरू. (प्रत्यक्षात तो टप्प्याटप्प्यानं वाढला.) या शिल्लक रकमेवर महिन्याचं व्याजच होतं १८,७९९. हप्ता १९,००९. मुद्दलात जातात फक्त २१० रुपये! या गतीनं कर्ज फिटायला अजून जवळपास ४९ वर्षं लागतील. बँक अर्थातच एवढी मुदत देत नाही. थोडा हप्ता वाढवते, थोडी मुदत ताणते. आधीच्याच मुदतीत फेडायचं असेल तर हप्ता २२,७४९ करावा लागतो, म्हणजे महिन्याला ३,७४० जास्त.

हप्ता तोच राहिला की कर्जदाराला काही कळतच नाही. खात्यातून दर महिन्याला तेवढीच रक्कम जाते. आमच्या सहकाऱ्याचं असंच झालं. संदेश आला होता, पण तो इंग्रजीत, आणि मोबाईलवर दिवसभर येणाऱ्या शंभर संदेशांत.

ही तक्रार देशभर होती. म्हणूनच १८ ऑगस्ट २०२३ ला रिझर्व्ह बँकेनं परिपत्रक काढलं. दर बदलला तर कर्जदाराला कळवायचं. हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं, हे निवडायची संधी त्याला द्यायची. हप्ता व्याजालाही पुरत नाही अशी वेळ मुदत ताणून आणायची नाही. आणि दर तिमाहीला उतारा द्यायचा. त्यात आतापर्यंतचं मुद्दल, व्याज, हप्ता आणि उरलेले हप्ते एवढं असलंच पाहिजे. हा उतारा काढून "उरलेले हप्ते" हा आकडा आधी बघा. फेब्रुवारी २०२५ पासून रेपो उतरू लागला आणि जूनमध्ये ५.५० वर आला. दर उतरला की हप्ता कमी करून घ्यायचा मोह होतो. जमत असेल तर हप्ता तोच ठेवा आणि मुदत कमी होऊ द्या.

जादा भरणा : कधी भरला याला महत्त्व

आमच्या भागात पैसा वर्षातून एकदा-दोनदा एकगठ्ठा येतो. बेदाण्याची पट्टी, उसाचं बिल, आम्हा नोकरदारांना फरकाची रक्कम. त्यातले एक लाख कर्जात भरले तर किती वाचतात?

पहिल्या उदाहरणात (२५ लाख, ८.५ टक्के) एका वर्षानंतर एक लाख जादा भरले आणि हप्ता तोच ठेवला, तर साधारण २१ हप्ते कमी होतात. व्याज वाचतं ३ लाख ६४ हजार. तेच एक लाख पंधरा वर्षांनंतर भरले तर वाचतात जेमतेम ५० हजार. रक्कम तीच, खातं तेच. म्हणून "मुलांची शिक्षणं झाली की कर्जाकडे बघू" म्हणणाऱ्यांना मी हे दोन आकडे दाखवतो. एकदम लाख जमत नसतील तर दर वर्षाअखेर २५ हजार भरा. वीस वर्षांचं कर्ज सोळा वर्षं चार महिन्यांत फिटतं आणि पावणेसहा लाखांच्या आसपास व्याज वाचतं.

फ्लोटिंग दराच्या वैयक्तिक गृहकर्जावर मुदतीआधी फेडीचा दंड बँकांना २०१२ पासून घेता येत नाही. फक्त पैसे भरताना लेखी अर्ज द्या : "हप्ता कायम ठेवून मुदत कमी करावी." नाहीतर हप्ता कमी करून मिळतो आणि मुदत आहे तिथेच राहते. मात्र घरात आजारपणासाठी चार पैसे बाजूला नसतील तर आधी ते ठेवा. कर्जात भरलेला पैसा रात्री दवाखान्यात लागला तर परत मिळत नाही.

न दिसणारे खर्च

प्रोसेसिंग फी, तिच्यावर १८ टक्के जीएसटी, वकिलाचा शोध अहवाल, मूल्यांकन, गहाणाचं मुद्रांक शुल्क हे तर आहेच. पण जास्त लागतो तो कर्जातच मिसळलेला विमा. ६० हजारांचा एकरकमी हप्ता "कर्जातच घालू, तुम्हाला वेगळे द्यायला नकोत" असं गोड बोलून घालतात. ८.५ टक्क्यांनी वीस वर्षांत त्याचे होतात १ लाख २५ हजार. कमावत्या माणसाचा विमा हवाच, पण तो त्याच बँकेकडून घेण्याची सक्ती नाही.

स्वतः बांधकाम करणाऱ्यांसाठी आणखी एक. पैसे पाया, जोतं, स्लॅब, गिलावा अशा टप्प्यांनी मिळतात. तोवर बहुतेक ठिकाणी फक्त उचललेल्या रकमेवरचं व्याज भरायचं असतं. १० लाख उचलले असतील तर महिन्याला ७,०८३ रुपये, आणि मुद्दल जागचं हलत नाही. गवंडी गावाकडं गेला, वाळू मिळेना, असं करत काम वर्षभर रखडलं तर ८५ हजार असेच गेले.

पतसंस्थेचं कर्ज असेल तर "सरळ व्याज" या शब्दाला भुलू नका. ५ लाख, ९ टक्के सरळ, ५ वर्षं : व्याज २ लाख २५ हजार, हप्ता १२,०८३. पण पूर्ण पाच लाख पाच वर्षं तुमच्याकडे नसतातच, दर महिन्याला तुम्ही काही परत करत असता. उतरत्या शिलकेच्या हिशेबानं हा दर १५.७ टक्के पडतो.

"करात सूट मिळते ना!" असंही म्हणतात. जुन्या करप्रणालीत राहत्या घराच्या व्याजावर वर्षाला २ लाखांपर्यंत वजावट आहे. २० टक्क्यांच्या टप्प्यात असलात तर ४१,६०० रुपये वाचतात, आणि त्या वर्षी व्याज भरलेलं असतं २ लाख १० हजार. नव्या प्रणालीत राहत्या घराला ही वजावट नाही.

जाता जाता थोडा इतिहास. १८७५ साली सुप्याला शेतकऱ्यांनी सावकारांचे दस्त जाळले. पुढे १८७९ चा दख्खन शेतकरी कायदा आला, तो साताऱ्यालाही लागू होता. त्यात न्यायालयाला नुसता दस्त न बघता त्यामागचा सगळा हिशेब मागता येऊ लागला. आजची बँक म्हणजे सावकार नव्हे, पण हिशेब मागायचा हक्क आपल्यालाही आहे. १ ऑक्टोबर २०२४ पासून प्रत्येक नव्या गृहकर्जासोबत "की फॅक्ट स्टेटमेंट" द्यावंच लागतं. सगळे खर्च धरून वार्षिक दर किती पडतो आणि प्रत्येक हप्त्यात मुद्दल किती, व्याज किती, याचा तक्ता त्यात असतो. कर्जदाराला समजेल अशा भाषेत ते द्यायचं असतं, तेव्हा मराठीत मागा.

आमच्या सहकाऱ्यानं सुट्टीत बँकेत जाऊन हप्ता वाढवून घेतला, आणि पुढे फरकाचे पैसे आले तेही कर्जात भरले. निवृत्तीच्या आत कर्ज फिटेल असा तक्ता त्यांनी आता कपाटाच्या दाराला आतून चिकटवलाय. फिटल्यावर मूळ कागदपत्रं ३० दिवसांत परत मिळायला हवीत. बँकेमुळे उशीर झाला तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई द्यावी लागते, हा नियम १ डिसेंबर २०२३ पासून आहे. कागद हातात आले की बँकेचा दाखला घेऊन सातबाऱ्यावरचा किंवा मिळकत पत्रिकेवरचा बोजा कमी करून घ्यायचा. कर्ज फिटूनही बोजा तसाच राहिला, तर पुढे जागा विकताना किंवा वाटणीच्या वेळी तो आडवा येतो.