काय पेटलंय, आणि शेजारी काय आहे?

१४ एप्रिलला आंबेडकर जयंतीची सुट्टी असते. त्यामुळे अग्निशमन सप्ताह त्याच दिवशी सुरू होत असला, तरी वाराणसीतल्या शाळांमध्ये दमकलची, म्हणजे अग्निशमन दलाची, लाल गाडी येते ती पुढच्या चार-पाच दिवसांत कधीतरी. दिवसही आगीचेच असतात. गहू कापणीला आलेला, पछुवा वारा सुटलेला, आणि पूर्वांचलात एका ठिणगीने उभी शेतं जातात.

हा सप्ताह ज्या आगीच्या आठवणीत पाळतात ती मात्र इथली नाही. ती १९४४ सालची, मुंबईच्या व्हिक्टोरिया गोदीतली. जुने मुंबईकर जिला नुसतं ‘गोदीचा स्फोट’ म्हणतात ती. समुद्र न पाहिलेल्या तिसरीच्या मुलांना ती सांगायचं काम यंदा ज्या बाईंकडे आलंय, त्या ब्रह्माघाट-दुर्गाघाट भागात पिढ्यान्‌पिढ्या राहणाऱ्या मराठी कुटुंबांपैकी एका घरातल्या. वर्गात हिंदी, घरी मराठी.

टेबलावर चपलांचे रिकामे खोके मांडलेत. हे ‘फोर्ट स्टिकीन’ जहाज. २४ फेब्रुवारीला इंग्लंडमधल्या बर्कनहेडहून निघालं, कराचीला थांबलं, १२ एप्रिलला मुंबईत लागलं. मुलं एकेक चिठ्ठी उचलून खोक्यात टाकतात. सुमारे १,४०० टन स्फोटकं. कराचीत भरलेल्या कापसाच्या ८,७०० गाठी. तेलाची पिंपं. लाकूड. आणि सोन्याच्या विटा.

“कुणाशेजारी कुणाला बसवायचं नाही?” बाई विचारतात. कापूस आणि बारूद, हे सगळ्यांना लगेच कळतं. मग त्या दोन्ही चिठ्ठ्या एकाच खोक्यात ठेवतात, कारण जहाजाच्या पोटातल्या दोन नंबरच्या खणात खरोखर तसंच होतं. युद्ध चालू होतं, जागा कमी होती, घाई होती. वर्गातून एक लांब “अरे!” येतो.

पण पुढचा प्रश्न कापसाचा नसतो. “मैम, सोना मिला किसको?”

हा प्रश्न टाळता येत नाही. त्या स्फोटात जवळजवळ १३ किलोची एक सोन्याची वीट मैलभर लांबच्या एका पारशी गृहस्थांच्या घरात जाऊन पडली होती. गोदीतला गाळ उपसताना पुढे कित्येक दशकं विटा सापडत राहिल्या. इंग्लंडमध्ये सहा-सात वर्षांच्या मुलांना १६६६ ची लंडनची आग शिकवतात, तिथेही असंच होतं. तेरा हजारांवर घरं जळाली हा आकडा मुलं विसरतात. डायरी लिहिणाऱ्या सॅम्युअल पीप्सने आपलं चीज बागेत पुरून ठेवलं, हे मात्र पक्कं लक्षात राहतं. बाई सोन्याला दोन मिनिटं देतात आणि त्याच खोक्यावर बोट ठेवून म्हणतात, “सोनं होतं तेही याच खणात.” मुलं परत कापसाशी.

मृत्यूंचं काय सांगायचं? बाईंनी त्याला तीनच वाक्यं ठेवलीत. चार वाजून सहा मिनिटांनी पहिला स्फोट झाला, अर्ध्या तासाच्या आत दुसरा. आग विझवायला गेलेले ६६ जवान गेले. एकूण माणसं सातशेच्या वर गेली; काही अंदाज त्याहून बरेच जास्त आहेत. जखमांची वर्णनं नाहीत, फोटो नाहीत. मुलं क्षणभर गप्प होतात. एक मुलगी विचारते, “उन्हें पता नहीं था?”

तासाचा बराचसा वेळ याच प्रश्नाला जातो. दुपारी धूर दिसल्यावर गोदीतल्या अग्निशमन पंपावरच्या माणसाला फोनकडे पिटाळलं होतं. आग साधी नाही, एवढं त्याने नियंत्रण कक्षाला कळवायचं होतं. फोनला डायलच नव्हती. तो धावत जवळच्या अलार्मकडे गेला आणि त्याची काच फोडली. अलार्म फक्त ‘आग’ एवढंच सांगतो. कसली, ते सांगत नाही. नियंत्रण कक्षाने नेहमीप्रमाणे दोन बंब पाठवले. पुढे आणखी बंब आले, खणात टनांनी पाणी ओतलं, पण आग नेमकी कुठे धुमसतेय ते बराच वेळ कळत नव्हतं.

आता मुलांनी फोन करायचा. कंपासपेटी कानाला लावून पहिला मुलगा ओरडतो, “आग लगी है! जल्दी आइए!” आणि ठेवून देतो. सगळा वर्ग हसतो. कुठे? काय पेटलंय? शेजारी काय आहे? आत कोण आहे? चारही उत्तरं दिल्याशिवाय फोन ठेवायचा नाही, असा नियम ठरतो. नंबर १०१ किंवा ११२.

तेवढ्यात बाहेर दमकलवाल्यांचं प्रात्यक्षिक सुरू होतं. जवान गॅसच्या सिलिंडरच्या तोंडाशी ज्योत पेटवतो, ओलं गोणपाट दोन्ही हातांनी समोर धरून पुढे सरकतो, हात कापडाआड ठेवूनच ते वरून दाबतो. भस्स होऊन ज्योत जाते. टाळ्या पडतात. तो लगेच बजावतो: हे मोठ्यांचं काम. तुम्ही धुरात वाकून, भिंतीच्या कडेने बाहेर पडायचं, आणि खेळण्यासाठी परत आत जायचं नाही.

घाटाकडच्या गल्ल्यांत ही गाडी शिरतच नाही. म्हणून गृहपाठ नकाशाचा: आपल्या दारापासून बंब जिथवर येऊ शकतो तिथपर्यंतचा रस्ता. दुसऱ्या दिवशी आलेल्या कागदांवर मैदागिनचा चौक आहे, मंदिरं आहेत, एका वळणावर बसलेला सांडही आहे. बाई त्यावर लाल पेनाने लिहितात: “सांड उठून गेला तर?” सांड खोडून तिथे हातपंप येतो. त्याच कागदावर, घराच्या तळमजल्याशेजारी, आधी नसलेला एक चौकोन काढलाय. त्यात लिहिलंय, “नीचे साड़ी का गोदाम.”