लग्नाच्या शूटिंगपासून सिनेमापर्यंत

लग्नसराईत बऱ्हाणपुरात कॅमेरा खांद्यावर टाकून धावणारी पोरं पुष्कळ दिसतात. त्यांतल्या एखाद्याला सिनेमाचा छायाचित्रकार व्हायचं असेल तर?

जुनी वाट उमेदवारीची. 1913च्या 'राजा हरिश्चंद्र'चं चित्रण त्र्यंबक तेलंगांनी केलं. त्यांना कॅमेरा चालवायला शिकवलं खुद्द दादासाहेब फाळक्यांनी. तेव्हा हँडल हातानं फिरवायचं. वेग मंदावला, की पडद्यावरचा राजा एकदम पळायला लागे! आज हँडल नाही, उमेदवारी मात्र आहे. आधी अटेंडंट, मग फोकस पुलर, मग ऑपरेटर. यात वर्षं जातात. फोकस पुलरचं काम सगळ्यांत जोखमीचं. नट दोन पावलं पुढे सरकला की त्याच क्षणी फोकसही तेवढाच सरकायला हवा. चुकला तर टेक वाया, आणि बोलणी त्यालाच.

दुसरी वाट पुण्याची, 1960 साली 'प्रभात'च्या जागेत सुरू झालेल्या फिल्म इन्स्टिट्यूटची. सोलापुरात जन्मलेले अविनाश अरुण याच वाटेनं गेले. 2015चे 'मसान' आणि 'दृश्यम' त्यांनी चित्रित केले. 'किल्ला'चं तर दिग्दर्शन आणि छायाचित्रण दोन्ही त्यांचंच. 2014च्या बर्लिन महोत्सवात त्याला क्रिस्टल बेअर मिळालं. त्यातला कोकणचा पाऊस पुन्हा बघा. ढगांतून गाळून आलेला मऊ उजेड आहे, गडद सावली जवळपास नाही. परक्या गावात आलेल्या त्या मुलाचं एकटेपण संवादाआधी या उजेडातूनच कळतं. माझ्या मते छायाचित्रकाराची खरी कमाई हीच. महागडा कॅमेरा काय, भाड्यानंही मिळतो.

आणि उजेड शिकायला बऱ्हाणपूरइतकी चांगली जागा शोधून सापडायची नाही. मुघल काळातल्या कुंडी भंडाऱ्यात जमिनीखाली बोगदे, आणि कुंड्यांच्या तोंडातून थेट वरून पडणारा प्रकाश. त्याखाली माणूस उभा करा: कपाळ आणि खांदे उजळतात, डोळे अंधारात बुडतात. 1972च्या 'गॉडफादर'मध्ये गॉर्डन विलिस यांनी मार्लन ब्रँडोच्या चेहऱ्यावर असाच वरून उजेड सोडला होता. म्हातारा डॉन काय विचार करतोय, याचा पत्ता प्रेक्षकाला लागत नाही तो त्यामुळेच.

एक व्यवहाराची गोष्ट. पुण्याच्या छायाचित्रण अभ्यासक्रमासाठी पदवी लागते, पण ती कुठल्याही शाखेची चालते. तेव्हा लग्नाच्या ऑर्डरी खुशाल घ्या, कॉलेज मात्र अर्धवट सोडू नका.