‘शंभर वर्षांतून एकदा’ हा हिशेब टिकत नाही

कोविड हे शंभर वर्षांतून एकदा येणारं संकट होतं, आता निदान आपल्या हयातीत तरी नाही, असं भिलाईच्या सेक्टर ६ मध्येही मानलं जातं. नोंदी वेगळं सांगतात. १९१८, १९५७, १९६८, २००९ आणि २०२०: श्वासावाटे पसरणाऱ्या विषाणूंच्या या पाच जागतिक साथी. मधली अंतरं ३९, ११, ४१ आणि ११ वर्षांची. त्यांत नियम नाही, त्यामुळे पुढची साथ कधी येईल हे वर्ष धरून सांगता येत नाही; शक्यता मात्र मोजता येते. संशोधक मार्को मारानी आणि सहकाऱ्यांनी २०२१ मध्ये चार शतकांच्या नोंदींवरून कोविडएवढ्या साथीची शक्यता दरसाल सुमारे २ टक्के मांडली. आकडा किरकोळ वाटतो, पण याच दराने सलग तीस वर्षं सुटण्याची शक्यता जेमतेम ५५ टक्के उरते.

विषाणू दूर कुठेतरी उपजतात, त्याचं आपल्याला काय, हा आक्षेप इथे तर मुळीच चालत नाही. १९१८ मध्ये मुंबईत उतरलेला इन्फ्लुएन्झा रेल्वेमार्गांनी देशभर गेला आणि भिलाईशेजारचं दुर्ग ज्यात होतं त्या मध्य प्रांताला त्याचा तडाखा सर्वाधिक बसलेल्यांत गणलं जातं. दुष्काळाने माणसं आधीच खंगलेली होती. आज दुर्ग हावडा-मुंबई मार्गावर आहे. शिवाय उगम फार लांब असतोच असं नाही. २००६ मध्ये महाराष्ट्रातल्या नवापूरच्या कोंबड्यांत बर्ड फ्लू निघाला. महाबळेश्वरच्या गुहेतल्या वटवाघळांच्या २०२० मध्ये घेतलेल्या नमुन्यांत पुण्याच्या राष्ट्रीय विषाणूविज्ञान संस्थेला निपाहच्या खुणा मिळाल्या. अशा बहुतेक ठिणग्या विझतात, हे खरं. पण जंगलतोड आणि दाटीवाटीचं पशुपालन त्यांची संख्या वाढवतात.

लस लवकर येते, हा आक्षेप जास्त वजनदार आहे. पण भारतात लसीकरण १६ जानेवारी २०२१ ला सुरू झालं आणि तरीही ६ एप्रिलला दुर्ग जिल्हा लॉकडाऊनमध्ये गेला. पहिल्या महिन्यांत माणसं वाचवतात ती लवकर लागलेली चाहूल, खाटा आणि ऑक्सिजन. भिलाईच्या पोलाद कारखान्याने त्या वेळी इतर राज्यांनाही ऑक्सिजन पुरवला. मग जे येईलच असं नाही, त्यावर दरवर्षी खर्च का? ब्लास्ट फर्नेसपाशी यंदा गळती झाली नाही म्हणून गॅस मोजणं कोणी बंद करत नाही. मुंबईत पोलिओसाठी सांडपाणी २००१ पासून तपासलं जातं. भिलाईच्या टाउनशिपमध्ये घरं, सांडपाण्याच्या वाहिन्या आणि सेक्टर ९ चं रुग्णालय एकाच कारखान्याच्या कारभाराखाली आहेत. तापाच्या रुग्णांची आठवड्याची नोंद आणि सांडपाण्याची तपासणी एकत्र पाहणं इथे इतर बहुतेक शहरांपेक्षा सोपं आहे, आणि ते साथ नसतानाच सुरू व्हायला हवं.