कातडीची जबानी, रक्ताचा दाखला

जन्मानंतर दुसऱ्या-तिसऱ्या दिवशी अर्भकाच्या अंगावर पिवळी झाक उमटली, की पूर्वी टाच टोचून रक्त काढण्यावाचून गत्यंतर नसे. परंतु १९८० साली जपानमध्ये यामानौची व त्यांच्या सहकाऱ्यांनी कपाळावर टेकवून क्षणार्धात अंदाज सांगणारे जे उपकरण प्रसिद्ध केले, त्याने पुष्कळशा बालकांची ही यातना टळली. त्वचेत शिरून परतणाऱ्या प्रकाशातील निळा अंश ही पिवळी झाक आणणाऱ्या बिलिरुबिन या द्रव्याने किती शोषला, यावरून हे यंत्र आपला आकडा मुक्रर करते. म्हणजे ते जबानी घेते ती कातडीची, रक्ताची नव्हे, आणि सारी मेख येथेच आहे.

१९५६ च्या सुमारास इंग्लंडमधील रॉचफर्डच्या रुग्णालयात, अपुऱ्या दिवसांची बालके अंगणातील उन्हात नेणाऱ्या वॉर्ड नामक परिचारिकेने एका अर्भकाचे अंग फिके पडलेले, पण चादरीच्या कोपऱ्याखालचा त्रिकोण तेवढा गडद पिवळा राहिलेला डॉक्टरांना दाखवला. ज्या निरीक्षणातून प्रकाशोपचार उदयास आला, तेच या यंत्राचे वैगुण्यही उघड करते. कारण निळ्या दिव्याखालील त्वचा रक्ताच्या आधी निवळते आणि आकडा खोटा दिलासा देतो. सावळ्या बालकांत तो कित्येकदा वास्तवाहून अधिक येतो. ही चूक, माझ्या मते, त्यामानाने सोसण्याजोगी, कारण तीत बहुधा एक सुई तेवढी वाया जाते.

आकडा असा दोन्हीकडे चुकू शकतो, म्हणूनच अमेरिकेतील बालरोगतज्ज्ञांच्या अकादमीने २०२२ साली अशी शिफारस केली, की यंत्राचा आकडा दर डेसिलिटरला १५ मिलिग्रॅम वा अधिक असेल, अथवा प्रकाशोपचार सुरू करण्याच्या मर्यादेच्या ३ मिलिग्रॅम जवळ आला असेल, तर रक्त तपासून खातरजमा करावी.