मुक्ताई तेव्हा आठ वर्षांची होती

पहाटे पाच

नांदेडात माझं लिहिणं पाचला सुरू होतं. त्याच्या कितीतरी आधी सचखंड गुरुद्वाऱ्याचे गागरिया सिंघ गोदावरीवरून पाण्याची गागर भरून गेलेले असतात. तख्त साहिबला रोज या नदीचंच पाणी लागतं. हीच गोदावरी वर पैठणहून येते. पैठणजवळच आपेगाव, विठ्ठलपंतांचं गाव. त्यांच्या चार लेकरांचं पुस्तक सध्या माझ्या हातात आहे. आठ ते अकरा वर्षांच्या वाचकांसाठी संतांची, गुरूंची बालपणं मी लिहिते. प्रत्येक पुस्तकाची पानं सोळा, अक्षर मोठं.

टेबलासमोर भिंतीवर एक कागद चिकटवला आहे. निवृत्ती 1273, ज्ञानदेव 1275, सोपान 1277, मुक्ताई 1279. परंपरेने सांगितलेली ही जन्मवर्षं. शुद्धिपत्रासाठी भावंडं पैठणला गेली ते शके 1209, म्हणजे 1287. तेव्हा थोरला चौदाचा, धाकटी आठची. कोणतंही वाक्य लिहिण्याआधी मी त्या कागदाकडे बघते. आठ वर्षांची पोर आळंदीहून पैठणला चालत निघाली असेल तर तिचे पाय दुखले असतील, वाटेत तिला भूक लागली असेल, भावाने तिला कडेवर घेतलं असेल. एवढं लिहायला पोथीची परवानगी लागत नाही.

सकाळी डोकं ताजं असतं, म्हणून सगळ्यात अवघड मजकूर मी याच वेळेला ठेवते. आज तो आईबापांचा आहे. संन्यास घेऊन गुरूंच्या आज्ञेने पुन्हा संसारात आलेल्या विठ्ठलपंतांना ब्रह्मवृंदाने देहान्त प्रायश्चित्त सांगितलं, आणि त्यांनी व रुक्मिणीबाईंनी पाण्यात देह ठेवला, अशी कथा आहे. लहान मुलांच्या पुस्तकांत याच्या दोन तऱ्हा दिसतात. एकीत आईवडील ‘देवाघरी जातात’ आणि पुढच्या ओळीत मुलं पैठणला निघतात. दुसरीत ते ‘जलसमाधी घेतात’, आणि तो मोठा त्याग म्हणून सांगितला जातो. मला दोन्ही मान्य नाहीत. आपल्या नांदेड-लातूरच्या शाळांत अशी लेकरं बसतात, ज्यांनी कर्जापायी बाप गेलेला बघितला आहे. त्यांच्या हातात मरणाला पवित्र करणारं पान द्यायचं नाही, आणि त्यांच्यापासून ते लपवायचंही नाही, कारण ते त्यांना आधीच ठाऊक आहे.

तासाभराने कागदावर जे उरतं ते असं: मोठी माणसं म्हणाली, तुम्ही दोघं जगू नका, मग तुमच्या लेकरांना आम्ही आपल्यात घेऊ. हे सांगणं चूक होतं. आईबाप गेले. आणि मोठ्या माणसांनी लेकरांना तरीही आपल्यात घेतलं नाही.

यातलं शेवटचं वाक्य महत्त्वाचं. त्या मरणाने काही साधलं नाही, मुंजीसाठी मुलांना पुन्हा दारोदार जावंच लागलं, हे कथेतच आहे. फक्त ते उघड म्हणायचं राहून जातं. त्यापुढचं पान मी पूर्ण घरातलं ठेवलं आहे: सरपण कोण आणतं, पाणी कोण भरतं, रात्री सोपानाला भीती वाटली की कोण जागं राहतं.

सकाळी आठ

चहा घेऊन शेजारी जाते. शेजारच्या घरातल्या आजींना आम्ही सगळे माताजी म्हणतो. कुटुंब दख्खनी शीख, पिढ्यान्‌पिढ्या नांदेडचं. माताजींचं बोलणं पंजाबी, हिंदी आणि मराठी मिळून बनलेलं आहे. गुरू गोबिंदसिंघजींच्या बालपणाचा खर्डा त्यांना वाचून दाखवल्याशिवाय मी पुढे नेत नाही. गुरूंनी देह ठेवला तो याच गावात, 1708 च्या ऑक्टोबरात. जन्म मात्र 1666 चा, पाटण्याचा. पाटण्याच्या गोष्टींवर माताजींचा जीव आहे. मूल नसलेल्या मैनी राणीच्या मांडीवर तो छोटा गोबिंद जाऊन बसतो, भूक लागली म्हणतो, आणि ती त्याला पुऱ्या आणि उकडलेले चणे खाऊ घालते. पाटण्याच्या त्या जागी, बाल लीला गुरुद्वाऱ्यात, आजही लहान मुलांना तोच प्रसाद मिळतो. विहिरीवरून निघालेल्या बायकांच्या घागरी तो खडे मारून फोडतो, हेही माताजी हातवारे करून सांगतात. गोकुळातला कान्हा जिला पाठ आहे त्या मराठी मुलीला हे बालपण परकं वाटत नाही.

साहिबजाद्यांचं, म्हणजे गुरूंच्या धाकट्या लेकांचं, पुस्तक मात्र जड आहे. जोरावरसिंघ नऊ वर्षांचे, फतेहसिंघ त्याहून लहान, आणि बरोबर आजी माता गुजरी. सरहिंदच्या थंड बुरुजात तिघांना कोंडलं, आणि पुढे दोन्ही भावांना भिंतीत चिणण्याची शिक्षा झाली. इथे मी भिंतीचं वर्णन करत नाही. एका ओळीत सांगते आणि थांबते. जागा देते ती दोन माणसांना. थंडीच्या रात्री चोरून दूध घेऊन जाणारे मोतीराम मेहरा, आणि भर दरबारात लहान मुलांच्या जिवावर उठू नका म्हणणारा मलेरकोटल्याचा नवाब शेर मोहम्मद खान. गुरूंशी त्याचं वैर होतं, तरी तो बोलला. दहा वर्षांच्या वाचकाला क्रौर्याचा तपशील दिला तर तो फक्त कोणाचा तरी द्वेष करायला शिकतो. शेर मोहम्मद खान त्या पानावर असला की गोष्ट धर्माधर्मांच्या भांडणाची राहत नाही, लेकरांना मारणाऱ्यांची आणि त्यांना अडवणाऱ्यांची होते. माताजींचं म्हणणंही हेच: “नवाबाचं नाव गाळू नको बेटा.” त्यांच्या तोंडी ते चिमुकलं लेकरू ‘बाबा फतेहसिंघजी’ असतं. पुस्तकात पहिल्या उल्लेखाला मी तोच मान ठेवते, पुढे आजी मात्र नातवाला साध्या नावाने हाक मारते.

साडेदहा

शहराबाहेरच्या जिल्हा परिषद शाळेत पाचवीचा वर्ग. छापण्याआधी प्रत्येक गोष्ट इथे वाचून होते. आज नामदेव. 1270 चा जन्म, नरसी बामणीचा, म्हणजे आपल्या शेजारच्या हिंगोली जिल्ह्यातला. दामाशेटी परगावी गेले, आई गोणाईने नैवेद्याचं ताट देऊन नामाला देवळात धाडलं, आणि देव काही जेवेना.

मुलं ऐकताना मी त्यांचे चेहरे बघते. देव जेवला या जागी टाळ्या पडतील असं मोठ्यांना वाटतं. वर्ग गप्प होतो तो त्याच्या आधी, नामा रडून डोकं आपटायला निघतो तिथे. सांगितलेलं काम झालं नाही, आता घरी काय सांगू, ही भीती प्रत्येकाच्या ओळखीची आहे. आणि दुसऱ्यांदा वर्ग गप्प होतो तो रिकामं ताट बघून गोणाई विचारते तेव्हा: कोणी खाल्लं? मागच्या बाकावरून आवाज येतो, “मॅडम, आता त्याला मार बसतो. कोणच खरं मानत नसतंय.” दुसरी विचारते, “देवानं सगळंच खाल्लं का? मग नामाला काय उरलं?” दोन्ही वाक्यं मी वहीत टिपून घेते. पुस्तकात आता नामा ताटाकडे बघत आधी आईला काय सांगायचं ते मनात जुळवतो, ही नवी ओळ येईल.

वर्गात एक शीख मुलगा आहे. तो म्हणतो, नैवेद्य नव्हता, दूध होतं. त्याचंही बरोबर आहे. गुरू ग्रंथ साहिबमध्ये नामदेवांची 61 पदं आहेत, आणि त्यांतल्या एका पदात नामा कपिला गाईचं दूध काढून वाटी भरून देवापुढे ठेवतो. नांदेडच्या एकाच बाकावर एकाच लेकराच्या दोन वाट्या भेटतात. पुस्तकाच्या शेवटच्या पानावर मी दोन्ही देणार आहे.

दुपारी एक

लातूरची एसटी. लोहा, अहमदपूर, चाकूर. खिडकीजवळ जागा मिळाली तर प्रुफं वाचून होतात, नाही मिळाली तर डोळे मिटून संवाद मोठ्याने न बोलता तपासायचे. अडखळणारं वाक्य गाडीत लगेच कळतं.

साडेचार

लातूर, गंजगोलाईच्या मागची गल्ली. वर चित्रकाराची खोली, खाली छापखाना. सोळा पानांचा एक फर्मा, मॅपलिथो कागद, मधोमध पिन. किंमत कमी ठेवायची तर यापलीकडे जाता येत नाही.

आमची बोलणी प्रभावळीवर अडतात. चित्रकाराचा हात सवयीने लहान ज्ञानदेवांच्या डोक्यामागे पिवळं वर्तुळ काढतो. दुकानदारही तेच मागतात, त्याने पुस्तक ‘देवाचं’ दिसतं म्हणतात. मी ते पुसायला सांगते. ज्या मुलाला गावाने दारात उभं केलं नाही, त्याच्या डोक्यामागे तेज दिसत असतं तर गाव तसं वागलं असतं का? गावाला तिथे फक्त एक पोरगा दिसत होता, वाचकालाही तोच दिसायला हवा. पाय धुळीने भरलेले, सदरा भावाचा, म्हणून ढगळ.

मांड्यांच्या चित्राला जास्त वेळ जातो. मुक्ताईला मांडे करायचे आहेत, गावातल्या विसोबाच्या धाकाने कुंभार तिला खापर देत नाही, आणि ज्ञानदेव आपली पाठ तापवून देतात. आता मांडा बघितलेलं मूल शोधावं लागतं. चित्रकाराने पुरणपोळी आणि पोळपाट काढले होते. मांडा हातावर फिरवून फिरवून रुमालासारखा पातळ करतात आणि पालथ्या खापरावर टाकतात, हे त्याच्या आईने वर येऊन हाताने करून दाखवलं तेव्हा चित्र जमलं. माझी नजर मात्र पाठीवर नाही, मुक्ताईच्या तोंडावर आहे. रिकाम्या हाताने कुंभारवाड्यातून परत आलेली आठ वर्षांची मुलगी. त्या तोंडावर आधी अपमान दिसायला हवा, तरच पुढच्या मांड्याला चव येते.

प्रेषित मुहंमदांच्या बालपणाच्या पुस्तकात व्यक्तीचं चित्र कुठेही येणार नाही, हे आधीच ठरलेलं आहे. जन्माआधी वडील गेले, सहा वर्षांचे असताना आई आमिना गेल्या, मग आजोबा, मग काका अबू तालिब. वाळवंट, हलीमांचा तंबू, मेंढरं, रिकामी वाट एवढ्यावर चित्रकाराने सोळा पानं उभी केली आहेत, आणि आमच्या सगळ्या पुस्तकांत मला ती सर्वांत देखणी वाटतात. पोरकेपण दाखवायला चेहरा लागतोच असं नाही.

संध्याकाळी सात

वाचनालयात पालक आणि मुलं. आज बसवेश्वरांचा खर्डा. लातुरात लिंगायत घरं भरपूर, त्यामुळे ऐकणाऱ्यांना गोष्ट माझ्याआधी ठाऊक असते. बागेवाडीचा आठ वर्षांचा बसव मुंजीच्या वेळी विचारतो, हे जानवं माझ्या अक्काला का नाही? आणि तिला नसेल तर मलाही नको म्हणून उठतो. पुढच्या रांगेतल्या मुली एकमेकींकडे बघतात. त्यांतली एक सरळ आपल्या भावाकडे बघते.

मग एक वडील ज्ञानदेवांच्या गोष्टींबद्दल नेहमीचा प्रश्न विचारतात: रेडा वेद बोलला, भिंत चालली, हे खरं का असं पोरांनी विचारलं तर काय सांगायचं? मी सांगते ते लेखिका म्हणून सांगते. महिपतींनी ‘भक्तविजय’ 1762 मध्ये लिहिला, ज्ञानदेवांनंतर साडेचार शतकांहून अधिक काळाने. मधल्या काळात या गोष्टी ओसरीवर, कीर्तनात, दळताना सांगितल्या गेल्या. म्हणून मी ‘लोक असं सांगत आले’ या शब्दांनी चमत्कार सुरू करते आणि लोकांनी तो का सांगितला असेल ते मुलांना विचारते. ज्यांना वेद म्हणू दिले नाहीत, त्यांनी रेड्याकडून म्हणवले. हे उत्तर मागे एका सहावीतल्या मुलीने दिलं, मी तिला काहीही सुचवलं नव्हतं. श्रद्धा असलेल्या घराला यात दुखावण्यासारखं काही नाही, आणि शंका घेणाऱ्या पोराला गप्प बसवावंही लागत नाही.

रात्री साडेनऊ

मुक्काम बहिणीकडे. झोपण्याआधी पुढच्या पुस्तकाची वही उघडते: संत सेवालाल महाराज, जन्म 1739. नांदेड आणि लातूरच्या तांड्यांवरची मुलं प्रत्येक शाळेत विचारतात, आमच्या सेवालालांचं पुस्तक कधी? ते गुरं राखायचे त्या वयाच्या गोष्टी गोरमाटीत, आज्यांच्या तोंडी आहेत, आणि छापील चरित्रांत त्यांतलं फार थोडं येतं. म्हणून हे वाचणाऱ्यांकडे एक मागणं आहे. तुमच्या घरात, तांड्यावर, वस्तीत एखादी आजी अशा कोणाच्या लहानपणाची गोष्ट सांगत असेल, तर ती तिच्याच बोलीत लिहून ठेवा, मोबाइलवर भरून घ्या. तिची भाषा सुधारू नका, तिने घातलेली भूक, मार आणि रडणं काढू नका. आणि लिहून झालं की आधी घरातल्या लेकरांना वाचून दाखवा.