काय शेठ, काय ओगा!

पेणच्या एसटी स्टँडबाहेर रिक्षात बसलात की पहिल्या दोन मिनिटांत तुम्ही शेठ होता. पगार किती, ईएमआय किती, क्रेडिट कार्डाचं बिल कितीचं थकलंय, कोणी काही विचारत नाही. 'शेठ, कुठं सोडू?' झालं प्रमोशन! आपल्याकडे मुंबई-पुण्यात 'सीनिअर' हा एक शब्द व्हिजिटिंग कार्डावर यावा म्हणून लोक तीन-तीन अप्रेझल घासतात. इथे मीटर पडायच्या आत मिळतो.

अर्थात तुम्ही पुरुष असाल तर. मला तो रिक्षावाला 'मॅडम' म्हणाला. त्याच रिक्षात शेजारी बसलेला, कॉलेजची सॅक लटकवलेला पोरगा मात्र शेठ होता. हा फरक लक्षात ठेवा, पुढे त्याचं काम आहे.

शेठ या शब्दाकडे माझं लक्ष गेलं ते लागोसमुळे. माझा मावसभाऊ रोह्याचा. धाटाव एमआयडीसीत केमिकल प्लांटवर दहा वर्षं काढली आणि आता नायजेरियात असतो. परवा व्हिडीओ कॉलवर म्हणाला, 'अगं, इथे मला सगळे ओगा म्हणतात. ड्रायव्हर ओगा, वॉचमन ओगा, भाजीवाली पण ओगा. पहिल्या आठवड्यात वाटलं शिवी आहे की काय!' शिवी नाही. ओगा हा योरुबा भाषेतला शब्द. लागोस आणि नैऋत्य नायजेरियाची ही भाषा, शेजारच्या बेनिन देशातही बोलली जाते. ओगा म्हणजे मालक, प्रमुख, उस्ताद, बॉस. योरुबात सुरांना अर्थ असतो, त्यामुळे उच्चारताना 'ओ' खालच्या सुरात आणि 'गा' वरच्या सुरात. शाळेचा मुख्याध्यापक हा शाळेचा ओगा, पोलिसांचा वरिष्ठ हा पोलिसांचा ओगा, आणि सगळ्यांच्या वरचा जो कोणी असेल तो 'ओगा पाटापाटा'. म्हणजे आपला 'शेठांचा शेठ'.

गंमत पुढेच आहे. ओगा हा मुळात कामातल्या नात्याचा शब्द. गॅरेजमध्ये, शिंप्याकडे, सुताराकडे शिकायला राहिलेला पोरगा आपल्या उस्तादाला ओगा म्हणतो. काही वर्षं त्याच्या हाताखाली काढायची, त्याची कामं करायची, आणि शिक्षण संपलं की रीतसर समारंभ होतो. त्याला तिथे इंग्रजीतलाच शब्द वापरतात, 'फ्रीडम'. त्यानंतर तो स्वतःचं दुकान टाकतो आणि दुसऱ्या दिवसापासून कोणीतरी त्याला ओगा म्हणायला लागतं. म्हणजे या शब्दात एक शिडी आहे. आज जो म्हणतो, तो उद्या ऐकून घेतो. या शब्दानं समुद्रही ओलांडला. गुलाम म्हणून ब्राझीलला नेलेल्या योरुबांच्या धर्मपरंपरेतून कँडोम्ब्ले हा पंथ उभा राहिला. त्यात देवळाच्या कारभारात मान असलेल्या पुरुषांना 'ओगां' म्हणतात आणि तो शब्द याच ओगापासून आला असं मानलं जातं. आणि २०१३ मध्ये नायजेरियातला एक सरकारी अधिकारी टीव्हीवर एका साध्या प्रश्नाला अडखळला आणि त्यानं 'वरच्या ओगा'कडे बोट दाखवलं. तो वाक्प्रचार काही दिवसांतच टी-शर्टांवर छापून आला. कुठल्याही ऑफिसात बसलेल्याला हे कळायला योरुबा यावी लागत नाही.

सेठी, शेटे, शेठ

आता आपल्या शेठकडे येऊ. हा शब्द संस्कृत 'श्रेष्ठी'तून आलाय. श्रेष्ठ म्हणजे सगळ्यांत वरचा, आणि श्रेष्ठी म्हणजे व्यापाऱ्यांच्या श्रेणीचा, आजच्या भाषेत असोसिएशनचा, पुढारी. पालीत त्याचा 'सेट्ठी' झाला. बौद्ध कथांतला सगळ्यांत फेमस सेट्ठी म्हणजे श्रावस्तीचा अनाथपिंडिक. त्याचं खरं नाव सुदत्त. 'अनाथांना अन्न देणारा' ही त्याला लोकांनी दिलेली पदवी. म्हणजे तेव्हाही नुसता पैसा असून भागत नव्हतं, हात सैल असावा लागत होता.

आणि यासाठी श्रावस्तीपर्यंत जायला नको. पेणहून खोपोलीमार्गे घाट चढून लोणावळ्याच्या पुढे गेलात की कार्ल्याची लेणी. वीकेंडला मिसळ खाऊन तुम्ही तिथे सेल्फी काढलाच असेल. चैत्यगृहाच्या दर्शनी भागात एक ब्राह्मी लेख आहे. वैजयंतीच्या, म्हणजे आजच्या कर्नाटकातल्या बनवासीच्या, भूतपाल नावाच्या सेठीनं हे शैलगृह पूर्ण केल्याची त्यात नोंद आहे. आणि हे जंबुद्वीपातलं सर्वोत्तम आहे, असंही त्यानं कोरून ठेवलंय. दोन हजार वर्षांपूर्वीचा शेठ आणि त्याचं ब्रँडिंग! रोह्याच्या दक्षिणेला, राजपुरीच्या खाडीकाठी कुड्याची लेणी आहेत. तिथे तर 'महाभोज' ही राजपदवी दगडात आहे आणि दान देणाऱ्यांत व्यापारी आणि माळीही आहेत. या पट्ट्यात बंदरं होती, माल घाटावर जात होता, तेव्हा पदव्या खडकात कोरायची हौस असणारच.

मराठेशाहीत याचं झालं शेटे. नवी पेठ वसवायची, व्यापारी आणून बसवायचे, बाजाराची शिस्त ठेवायची, हे काम शेटे आणि महाजनांचं. त्याबद्दल वंशपरंपरेनं हक्क मिळायचे. आज शेटे, शेट्ये ही आडनावं आहेत ती त्यातलीच. दक्षिणेतले शेट्टी आणि चेट्टियार हेही याच श्रेष्ठीचे चुलत भाऊ मानले जातात. आणि मुंबईच्या जगन्नाथ शंकरशेट (१८०३-१८६५) यांचं आडनाव खरं तर मुरकुटे. वडिलांच्या नावामागचा शेट मुलाला असा चिकटला की मुरकुटे हे नाव आज कोणाला आठवतही नाही. तेव्हा लिहायचेही 'शेट'च. ठ जास्त वजनदार वाटतो म्हणून नंतर टिकला असावा, असा आपला माझा अंदाज.

शेटजी ते रामशेठ

पण रायगडात हा शब्द कायम इतका प्रेमाचा नव्हता. पेणच्या खारपट्ट्यात भात आणि मीठ पिकवणारा आगरी माणूस. आगर म्हणजे मिठागर, त्यावरून आगरी. त्याच्या घामाचा हिशेब लिहिणाऱ्या माणसाच्या पदव्या दोन. जमिनीवर खोत आणि वहीत शेठ-सावकार. या खोतांविरुद्ध अलिबागजवळच्या चरीत नारायण नागू पाटलांच्या नेतृत्वाखाली शेतकऱ्यांनी १९३३ ते १९३९ संप केला. सहा वर्षं शेतं पडीक ठेवली. १९३७ मध्ये डॉ. आंबेडकरांनी मुंबई विधिमंडळात खोती रद्द करण्याचं विधेयक मांडलं. ब्राह्मणेतर चळवळीनं 'शेटजी-भटजी' ही जोडी शिवीसारखी वापरली. शेतकरी कामगार पक्षात तर नेत्यांना मुद्दाम 'भाई' म्हणायची पद्धत पडली. साहेब नाही, शेठ नाही, भाई. सगळे समान!

आता बोला. त्याच शेकापच्या तिकिटावर १९९८ आणि १९९९ साली कुलाब्यातून लोकसभेवर निवडून गेले ते रामशेठ ठाकूर. पेणचे आमदार रवीशेठ पाटील, महाडचे भरतशेठ गोगावले. पक्ष कुठलाही घ्या, शेठ कॉमन! माझ्या मते यात विरोधाभास शोधण्यात अर्थ नाही. ज्या शब्दासमोर आजोबा हात जोडून उभे राहिले, तो शब्द आपल्यातल्याच एखाद्याला लावताना लोकांना मजा येते. तो हिसकावून घेतलेला शब्द आहे. मात्र हिसकावला म्हणून तो धुतला जातो असं नाही. पेण तालुक्यातल्या २२ गावांनी २१ सप्टेंबर २००८ रोजी सेझच्या प्रश्नावर सरकारी जनमत चाचणीत मत दिलं होतं. तो सेझ झाला नाही, पण जमिनीचे भाव त्यानंतर खाली आले नाहीत. आज इथे 'तो शेठ झाला' याचा अर्थ बऱ्याचदा 'त्यानं जमीन विकली' एवढाच असतो. बंगला, पांढरी गाडी, गळ्यात चेन. शेत कुठाय विचाराल तर तो रस्त्यापलीकडचं कंपाउंड दाखवतो.

तसं हे दोन तालुके पदव्यांच्या बाबतीत श्रीमंतच. पेण तालुक्यातल्या गागोद्यात १८९५ साली जन्मलेले विनायक नरहर भावे १९१६ मध्ये गांधीजींच्या आश्रमात गेले आणि विनोबा झाले. ज्ञानोबा, तुकोबांमधला तो 'बा'. रोह्याशी घट्ट नातं असलेले चिंतामणराव देशमुख रिझर्व्ह बँकेचे पहिले भारतीय गव्हर्नर. त्यांच्याकडे परगण्याच्या वतनातून आलेलं 'देशमुख' होतं आणि १९४४ साली ब्रिटिशांकडून आलेलं 'सर'ही. रोह्याचे ग्रामदैवत धावीर तर 'महाराज', आणि त्यांच्या पालखीला पोलिसांची सशस्त्र सलामी मिळते! रोह्यातच १९२० साली जन्मलेले पांडुरंगशास्त्री आठवले देशभर 'दादा' म्हणून ओळखले गेले. दादा म्हणजे मोठा भाऊ. पेणच्या आगऱ्यांत त्याचाच 'दादूस'. मुंबईत आल्यावर याच दादाच्या हातात चाकू येतो, तो भाग वेगळा. आणि योरुबात? जन्मतःच केसांच्या जटा असलेल्या मुलाला तिथे 'दादा' म्हणतात. मी व्हिडीओ कॉलवर मावसभावाला 'अरे दादा' अशी हाक मारली, तेव्हा मागे उभा असलेला त्याचा ड्रायव्हर खो खो हसत सुटला. भावाला पस्तिशीतच टक्कल पडलंय.

शेठ आहेत का?

ऑफिसात आपण हे सगळं ओलांडून आलो असं आपल्याला वाटतं. फर्स्ट नेम कल्चर! व्हाइस प्रेसिडेंटला सरळ 'रवी' म्हणायचं. पण चहाच्या टपरीवर तोच 'बॉस' होतो. हा बॉससुद्धा डच 'बास'वरून आला, अर्थ तोच, मालक. मालकाला मालक न म्हणता मालक म्हणायची सोय प्रत्येक भाषा करून ठेवते. योरुबात वडीलधाऱ्यांशी बोलताना अनेकवचन वापरतात, आपल्या 'तुम्ही'सारखं. मुलगे मोठ्यांपुढे जमिनीवर आडवे होतात, मुली गुडघे टेकतात. पण त्या भाषेत 'तो' आणि 'ती' असे वेगळे शब्दच नाहीत. मोठ्या भावंडाला एकच शब्द, मग ते भाऊ असो वा बहीण. ओगा या शब्दालाही व्याकरणानं लिंग नाही. व्यवहारात बाईला 'मॅडम' म्हणून बाजूला काढतात, हे भावानंच सांगितलं. तरी शब्दाचं दार उघडं असतं.

आपल्या शेठचं नसतं. शेठाणी हा शब्द आहे, पण तो शेठच्या बायकोचा.

हे मला नीट दिसलं ते पेणजवळच्या जोह्यात. हमरापूर, जोहे, तांबडशेत, कळवे ही गणपतीची गावं. एरवी आपण ऑगस्टमध्ये जातो, पण कारखाने जवळजवळ वर्षभर चालू असतात. मी गेले तो कारखाना एक बाई चालवतात. नवरा गेला त्याला सहा वर्षं झाली. साच्यांचा हिशेब, शाडूच्या गोणी, रंगाची उधारी, कारागिरांचा पगार, सगळं त्यांच्याकडे. डोळ्यांची आखणीही त्या स्वतः करतात, आणि गणपतीत डोळे सगळ्यांत अवघड. कारागीर त्यांना काय म्हणतात? 'वहिनी.' त्यांचा चुलत दीर दिवसातून एकदा येऊन खुर्चीवर बसतो, पेपर वाचतो. तो शेठ.

'तुम्हाला राग नाही येत?' मी विचारलं.

'पहिल्या वर्षी यायचा,' त्या हातातली कुंचली न थांबवता म्हणाल्या. 'घाऊकवाले भाव ठरवायला त्यांच्याशी बोलायचे. ते काहीतरी आकडा सांगून मोकळे व्हायचे. त्या वर्षी शंभर मूर्ती नुकसानीत गेल्या. वहिनी म्हटलं की लोक उधारी पण घरच्यासारखी ठेवतात बघा.'

म्हणजे प्रश्न मानाचा कमी आणि पैशाचा जास्त. शेठ म्हटलं की समोरचा भाव ऐकून घेतो आणि बिल वेळेवर देतो. वहिनी म्हटलं की चहा पिऊन जातो. मग त्यांनी काय केलं? बिलबुक नवं छापून घेतलं. वर कारखान्याचं नाव, खाली स्वतःचं नाव आणि त्यापुढे 'मालक'. मालकीण नाही. छापणाऱ्यानं दोनदा विचारलं, वहिनी, चुकलंय का? त्या म्हणाल्या, नाही, असंच छाप.

आम्ही बोलत होतो तेव्हा त्यांचा फोन वाजला. कल्याणचा कोणी व्यापारी होता. स्पीकर चालू होता, हात रंगात होते ना.

'हॅलो, शेठ आहेत का?'

'बोलतेय,' त्या म्हणाल्या, आणि दोन फुटी लालबाग पॅटर्नचा भाव सांगितला. पलीकडे क्षणभर शांतता. मग तो व्यापारी म्हणाला, 'काहीतरी कमी करा ना, वहिनी.'

'भाव हाच आहे,' त्या म्हणाल्या. 'ॲडव्हान्स सोमवारपर्यंत टाका, नाहीतर माल डोंबिवलीला जाईल.'

सोमवारी संध्याकाळी मी मुद्दाम फोन करून विचारलं. ॲडव्हान्स आला होता.